चढावरचा गवई

मास्तरांनी एखादं वाक्य सुरुवातीपासून शेवटपर्यंत बोललेलं फारसं कुणी ऐकलेलं नाही. "आरसा." "क्लच." "हळू." "डावीकडे, डावीकडे, अहो दुसरं डावीकडे!" अशा तुकड्यांवर त्यांचा सगळा व्यवहार चालत असे. त्यात त्यांचा दोष नव्हता. गाडी शिकवणाऱ्या माणसाला लांब वाक्य परवडत नाही. वाक्य संपेपर्यंत गाडी खांबाला भेटून आलेली असते. शेजाऱ्यांनी नवा सोफा घेतला आणि कौतुकाने बघायला बोलावलं, तेव्हा मास्तर त्यावर बसले, एकदा वरखाली झाले आणि म्हणाले, "सस्पेन्शन." शेजाऱ्यांनी ती स्तुती समजून चहा टाकला.

जिभेपेक्षा त्यांचे पाय जास्त बोलके होते. उजवा पाय तर स्वतंत्र बुद्धीचाच होता. टीव्हीवर पाठलाग चालू असला की मास्तर गप्प, पण पाय सतरंजीत रुतलेला. न्हाव्याच्या खुर्चीत बसले तरी वस्तरा कानाजवळ आला की पाय ब्रेक दाबायचा आणि न्हावी दचकायचा. मानेचीही तीच गत. स्वयंपाकघरातून बाहेरच्या खोलीत जाताना ते आधी खांद्यावरून मागे बघत आणि मगच वळत. "घरात कोण ओव्हरटेक करणार आहे तुम्हाला?" असं बायको विचारी. मास्तर म्हणत, "सवय."

शिकवायच्या गाडीत मास्तरांच्या बाजूलाही एक क्लच आणि एक ब्रेक असतो, हे सगळ्यांनाच माहीत असतं. पण तो क्लच दाबण्यात मास्तरांची जी हातोटी होती, ती बाकी कुणाकडे नाही, अशी त्यांची खात्री होती. चढावर गाडी थांबली आणि शिकणाऱ्याचे हातपाय गळाले, की मास्तर खिडकीबाहेर बघत, जांभई देत, आपल्या बाजूने हळूच क्लच सांभाळून घेत. गाडी मागे न सरकता अलगद उचलली जाई. शिकणाऱ्याची छाती फुगे. "आली की मला!" असं तो म्हणे आणि मास्तर म्हणत, "छान." ही लबाडी कुणाच्याच लक्षात येत नाही, यावर मास्तर इतकी वर्षं मनातल्या मनात खूश होते.

त्यांच्या बायकोच्या बाबतीत मात्र हे प्रकरण जरा अंगाशी आलं होतं.

बाई शिवणकाम शिकवत. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचा वर्ग भरे आणि गावातल्या निम्म्या बायका त्यांच्या हाताखाली कात्री धरायला शिकल्या होत्या. गाडी चालवायचा परवाना त्यांनी कधीच काढून ठेवला होता. परीक्षा सपाट मैदानावर झाली, त्यात त्या पहिल्या झटक्यात पास झाल्या. त्यानंतर जेव्हा जेव्हा त्या गाडी चालवत, तेव्हा शेजारी मास्तर असत आणि मास्तरांचे पाय असत. चढ आला की मास्तर खिडकीबाहेर बघत. म्हणजे आपल्या बायकोने आजवर एकदाही स्वतःच्या पायाने चढावर गाडी उचललेली नाही, ही गोष्ट जगात फक्त एका माणसाला ठाऊक होती आणि तो माणूस जांभई देत होता.

अशात बाईंना बोलावणं आलं. गावाबाहेरच्या टेकडीवर मुलींसाठी कामं शिकवायचं एक मोठं केंद्र होतं. तिथल्या शिवण विभागाच्या प्रमुख म्हणून याल का, असं केंद्राने विचारलं. बाईंच्या मनात किती दिवसांपासून असं काहीतरी होतं. पुढच्या खोलीत मशीनला मशीन घासून त्या कंटाळल्या होत्या. अडचण एकच. बस टेकडीच्या पायथ्याला सोडून आपल्या वाटेने निघून जाई. वर जायचं तर स्वतःची गाडी हवी. आणि गाडी होती. मास्तरांच्या ड्रायव्हिंग स्कूलसाठी नवी गाडी आल्यापासून शिकवायची जुनी गाडी अंगणात कव्हर पांघरून नुसती उभी होती.

"अहो, जुनी गाडी मी घेते," बाई म्हणाल्या.

"बघू," मास्तर म्हणाले.

त्या घरात 'बघू' या शब्दाला फार जुना इतिहास होता. गच्चीवरची खोली 'बघू'मध्ये गेली होती, समुद्राची सहल 'बघू'मध्ये गेली होती. बाईंनी सोमवारपर्यंत कळवते असं केंद्राला सांगितलं आणि त्या नवऱ्याकडे बघत राहिल्या.

याच आठवड्यात त्यांच्या लेकीला सिनेमा करायचा होता. ती सिनेमा शिकवणाऱ्या कॉलेजात शेवटच्या वर्षाला होती. परीक्षेसाठी प्रत्येकाने एक जुनी पुराणकथा घ्यायची आणि आपल्या पद्धतीने छोट्या प्रायोगिक सिनेमात सांगायची, असं ठरलं होतं. तिने जेवणाच्या टेबलाशी दोघांना बसवलं.

"ग्रीक लोकांची गोष्ट आहे," ती म्हणाली. "ऑर्फियस नावाचा एक गवई असतो. त्याची बायको साप चावून मरते. हा तिला आणायला थेट पाताळात जातो. तिथे असं गातो, की पाताळाच्या राजालासुद्धा पाझर फुटतो. राजा म्हणतो, ने हिला परत. पण अट आहे. तू पुढे चालायचं, ती तुझ्या मागून येईल. उजेडात पोचेपर्यंत मागे वळून बघायचं नाही."

"मग?" मास्तर म्हणाले.

"तो बघतो."

"बघणारच. मागे न बघता पुढे जायचं? कुठल्या नियमात बसतं?"

"आणि ती कायमची जाते."

"पण त्याने बघितलं कशाला?" बाईंनी विचारलं.

"खात्री नव्हती ना आई. ती खरंच येतेय की नाही, याची."

"हं," बाई म्हणाल्या. ते 'हं' टेबलावर बराच वेळ पडून राहिलं. मास्तरांनी ते उचललं नाही.

लेकीच्या सिनेमात गवई मागे बघत नाही, एवढाच फरक होता. पाताळ म्हणजे बाजाराच्या इमारतीखालचं पार्किंग. तिथून गोल गोल फिरत वर येणारा चढ आहे. गवई पुढे चालत येणार आणि बायको मागून गाडी चालवत येणार. सगळा सिनेमा एकाच दमात, मध्ये कुठेही न तोडता घ्यायचा. कॅमेरा गवयाच्या तोंडासमोर, मागे गाडीचे दिवे.

"ती चालत का येत नाही?" मास्तरांनी विचारलं.

"प्रायोगिक आहे, बाबा."

"आणि गवई मीच का? मला गाता येत नाही. अभिनय तर त्याहून नाही."

"म्हणूनच. मला खरा चेहरा हवाय. भीती दिसली पाहिजे."

"ती दिसेल," बाई भांडी आवरता आवरता म्हणाल्या. "गाडी मी चालवणार आहे ना!"

अंगणात तालीम झाली. गाडीशिवाय, नुसतीच चालत. मास्तर पुढे, बाई मागे. मास्तरांनी पाऊल टाकलं आणि मागे बघितलं. पुन्हा सुरुवात. बाईंच्या चपलेचा आवाज झाला, मान वळली. पुन्हा सुरुवात. मांजर आडवं गेलं, मास्तरांनी आधी मागे बघितलं आणि मग मांजराला वाट दिली.

"बाबा, वळलात."

"नाही."

"आईने श्वास घेतला तरी वळताय!"

बाईंनी पदर खोचला आणि त्या नवऱ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या. "असं करू या. रविवारी त्या चढावर तुम्ही एकदा जरी मागे वळून पाहिलंत, तर मी केंद्राला नाही म्हणून कळवते. गाडीचं नाव पुन्हा काढणार नाही. पण नाही पाहिलंत, तर जुन्या गाडीची किल्ली माझी. तिथे 'बघू' चालणार नाही."

"त्यात काय," मास्तर म्हणाले. लेकीसमोर दुसरं काय म्हणणार?

पण नंतर जुन्या गाडीवरचं कव्हर काढून काच पुसता पुसता त्यांच्या डोळ्यांसमोर तो गोल चढ आला आणि हात जागीच थांबला. माणसाच्या चालीने, पहिल्या गिअरमध्ये, तेही वळणावर! गाडी बंद पडणार म्हणजे पडणारच. मग ती चढावर उचलायची. आणि शेजारची सीट रिकामी! मास्तरांच्या तोंडचं पाणी पळालं. ते तडक लेकीकडे गेले.

"मी गाडीत बसतो. ती चालू दे पुढे."

"बाबा, गवई पुढे असतो."

"मग कर ना प्रायोगिक!"

लेक बधली नाही. खरं कारण सांगावं, तर इतक्या वर्षांच्या जांभया उघड्या पडणार. मास्तर मूग गिळून परत आले.

गवयाच्या हातात वाद्य हवं म्हणून लेकीने गॅरेजमधून एक जुनं स्टिअरिंग व्हील आणलं होतं आणि त्याला ब्रेकच्या तारा ताणून बांधल्या होत्या. ते पाहून मास्तरांना युक्ती सुचली. मोठ्या आरशात जे दिसत नाही ते दिसावं म्हणून त्याच्या कोपऱ्यात एक बारका गोल आरसा चिकटवतात, तसला एक त्यांच्या हत्यारांच्या डब्यात पडून होता. तो त्यांनी व्हीलच्या आतल्या बाजूला, अंगठ्याजवळ चिकटवला. कॅमेऱ्याला दिसणार नाही आणि आपल्याला सगळं दिसेल. अट वळून बघण्याची होती. आरशात बघण्याला वळणं म्हणत नाहीत; हे त्यांनी स्वतःलाच समजावलं आणि स्वतःला ते लगेच पटलं.

रविवारी बाजार बंद. पार्किंग रिकामं आणि ओलसर, छताला लटकलेल्या दिव्यांपैकी निम्मे गेलेले, उरलेले जायच्या बेतात. पाताळ म्हणून काही वेगळं करायची गरजच नव्हती. वर दाराशी वॉचमन आडवा दांडा धरून बसला होता. त्यालाही सिनेमात घेतलं होतं.

"ताई, माझा रोल काय म्हणालात?"

"पाताळाच्या दारावरचा कुत्रा."

वॉचमनने टोपी काढून पुन्हा घातली.

"साधा नाही हो, तीन डोक्यांचा," लेक घाईने म्हणाली.

"तीन तोंडं आणि एकही डायलॉग नाही?"

"नाही."

"भुंकायचं तरी?"

"नको. गाडी आली की दांडा वर करायचा."

"ते तर मी रोजच करतो."

"मग? किती सोपं आहे!"

"पण रोज मी माणूस म्हणून करतो," असं म्हणून वॉचमन आपल्या जागी गेला.

कॅमेरा लेकीच्या मैत्रिणीच्या खांद्यावर होता. ही मुलगी उंच, सडपातळ आणि उभी राहिली की पाय फाकून उभी राहायची, म्हणून कॉलेजात तिला ट्रायपॉड म्हणत. तिला संपूर्ण चढ उलटं चालायचं होतं. लेक तिच्या कमरेचा पट्टा मागून धरून तिला वाट दाखवणार होती. ही व्यवस्था पाहून मास्तरांना राहवलं नाही.

"आरसा नाही, काही नाही, आणि सबंध चढ रिव्हर्समध्ये?"

"सवय आहे, काका," ट्रायपॉड म्हणाली.

लेकीने मास्तरांच्या शर्टाच्या आत, छातीशी एक बारका माइक अडकवला. गवयाच्या पावलांचा आणि श्वासांचा आवाज हवा होता. गाणं म्हणून ती नंतर बासरी घालणार होती. मग ती गाडीच्या खिडकीशी गेली. "आई, वर उजेडात आलीस की थांबायचं. दिवे बंद करायचे. बाबा वळतील, तू त्यांच्याकडे बघायचं. संपलं."

बाईंनी सीट पुढे ओढली, आरसा स्वतःच्या उंचीचा करून घेतला आणि मान डोलावली.

"चला!"

मास्तर निघाले. मागे इंजिन सुरू झालं. गाडीचे दिवे त्यांच्या पाठीवर पडले आणि त्यांची स्वतःचीच सावली लांब होऊन पुढे चालू लागली. पहिलं वळण नीट पार पडलं. आवाजावरून मास्तरांना सगळं कळत होतं. पहिला गिअर. रेस थोडी जास्त. आता कमी. आता पाय क्लचवर ठेवून चालवतेय; ठेवू नये; पण असू दे. मानेतल्या शिरा तट्ट फुगल्या होत्या. मान मागे वळू मागत होती आणि मास्तर तिला बैलासारखी धरून होते. कॅमेऱ्यामागून ट्रायपॉड पुटपुटली, "काका, भारी!" तिला तो अभिनय वाटला.

दुसऱ्या वळणावर चढ अंगावर येतो. तिथे इंजिनाचा आवाज जड झाला. गाडीने एक आचका दिला, दुसरा दिला, आणि बंद पडली.

एकदम शांतता. त्या शांततेत मास्तरांना एक आवाज ऐकू आला. सिमेंटवरून टायर हलकेच मागे सरकण्याचा आवाज. तो आवाज ते झोपेतही ओळखतील. त्यांचा उजवा पाय दाणकन जमिनीवर आपटला. पाताळात ब्रेक नव्हता. मागे काहीतरी 'कच्च' असं चेपलं.

मास्तरांनी समोर बघितलं. ट्रायपॉडचा चेहरा कॅमेऱ्याआड होता. तिच्या मागून लेकीला सगळं दिसत होतं, पण पोरीने चेहरा असा कोरा ठेवला होता की त्यावर काही म्हणजे काही वाचता येईना. फक्त एक बोट तिने हळूच हलवलं. नाही, बाबा.

आणि मग त्यांना आठवलं, की हातात आरसा आहे.

मनगट जरा तिरकं केलं की झालं. ना मान वळणार, ना अट मोडणार. त्यांनी व्हील छातीपर्यंत उचललंसुद्धा. पण बघून काय करणार? ती घाबरलेली दिसली, तर पाय ब्रेक शोधणार आणि ब्रेक तिकडे गाडीत. आणि समजा, ती घाबरलेली दिसलीच नाही तर? ही दुसरी शक्यता मास्तरांच्या डोक्यात आजवर कधी आलीच नव्हती. ती आली आणि ते जागच्या जागी खिळले. समजा ती मजेत असली, तर इतकी वर्षं आपण खिडकीबाहेर बघून नेमकं काय करत होतो?

मास्तरांनी अंगठा सरकवला आणि आरशावर दाबून धरला.

मागे हँडब्रेक करकरला. बराच वेळ काही झालं नाही. मग किल्ली फिरली, इंजिन खोकलं, लागलं. रेस वाढली. क्लचचा जळका वास चढावर पसरला आणि आयुष्यात पहिल्यांदा मास्तरांना तो वास सुगंधासारखा वाटला. इंजिनाचा सूर जरा खाली उतरला, हँडब्रेक सुटल्याचा खट्ट आवाज आला, आणि दिवे पुन्हा त्यांच्या पाठीवर चढू लागले. मास्तर चालू लागले. त्यांचे ओठ हलत होते, पण त्यांना त्याचा पत्ता नव्हता.

वर उजेड दिसला. वॉचमनने कधी नव्हे इतक्या गांभीर्याने दांडा वर केला. मास्तर दाराबाहेर आले, बाजूला झाले, आणि इतका वेळ कोंडलेली मान एकदाची वळवली.

गाडी त्यांच्या नाकासमोरून पुढे गेली.

बाई थांबल्या नाहीत. त्यांनी उजवीकडे बघितलं, डावीकडे बघितलं, आरशात बघितलं, दिवा दाखवला आणि रस्त्याला लागल्या. नवऱ्याकडे तेवढं बघितलं नाही. कोपऱ्यावर ब्रेकचे लाल दिवे एकदा लागले, आणि गाडी दिसेनाशी झाली. हातात नुसतं स्टिअरिंग व्हील घेऊन मास्तर रिकाम्या रस्त्याकडे बघत उभे राहिले. ट्रायपॉडने कॅमेरा बंद केला नाही. लेकीने तिला करू दिला नाही.

"कुत्र्याने आता काय करायचं?" वॉचमनने विचारलं.

"दांडा खाली घ्या," लेक म्हणाली आणि टाळ्या वाजवायला लागली. "बाबा, असा शेवट मला सात जन्मांत सुचला नसता! याने मागे बघितलं नाही, तरी ती गेलीच!"

"कुठे गेली?" मास्तरांचा आवाज फुटला. "तुझ्या कागदात थांबायचं होतं ना?"

"होतं तर. तिने बदललं."

"पेट्रोल?"

"मी काल भरलंय."

वॉचमन खालून एक चपटा झालेला, पार्किंगमध्ये वाट अडवायला ठेवतात तसला प्लास्टिकचा कोन घेऊन आला. "हे एवढंच गेलं," तो म्हणाला. "तसाही म्हातारा झाला होता."

फोन लागत नव्हता. मास्तर दारापासून कोपऱ्यापर्यंत आणि कोपऱ्यापासून दारापर्यंत येरझाऱ्या घालू लागले. तोवर दोघी मुली कट्ट्यावर बसून घेतलेलं चित्रण बघू लागल्या. लेकीने कानाला हेडफोन लावला आणि तिच्या भुवया वर गेल्या.

"बाबा, तुम्ही बोलताय."

"मी? एक अक्षर नाही."

तिने आवाज मोठा केला. माइक छातीला चिकटलेला होता. त्याने काही म्हणता काही सोडलं नव्हतं. चढभर एक दबका, घोगरा आवाज चालला होता. 'हळू... हळू... घाबरू नको... हँडब्रेक ओढ... हां... आता रेस... अर्धा क्लच... अर्धाच... येतेय, येतेय... शाब्बास... ये... ये...'

मास्तर कानापर्यंत लाल झाले. "पुसून टाक ते."

"पुसू? बासरी रद्द," लेक म्हणाली. "बाबा, हेच गाणं."

तेवढ्यात मास्तरांचा फोन वाजला. त्यांनी तो दोन्ही हातांनी कानाला लावला.

"पोचले," बाई म्हणाल्या.

"कुठे?"

"केंद्रावर. कुठे म्हणजे? मुख्य बाई इथेच राहतात, त्यांना भेटले. हो म्हणून सांगितलं. आत्ता शिवणाची खोली बघतेय. खिडक्या काय मोठ्या आहेत हो!"

"अगं, पण थांबायचं होतं ना दाराशी!"

"दाराशी चढच आहे. थांबले असते तर पुन्हा उचलावी लागली असती. म्हटलं, चाललीये तर चालू दे. पुढे आल्यावर वाटलं, टेकडीपण बघून घेऊ."

मास्तरांनी घसा साफ केला. "तिथे वळणावर... म्हणजे, क्लच..."

"तुम्ही नव्हतात, म्हणून मलाच दाबावा लागला."

"म्हणजे?"

"म्हणजे काय म्हणजे? दोन्ही क्लच आतून जोडलेले असतात ना? तुम्ही तिकडून दाबला की इकडे माझ्या पायाखालचा आपोआप खाली जातो. इतकी वर्षं चढ आला की माझं पेडल बुडायचं आणि तुम्ही खिडकीबाहेर बघायचात. मला काय गाडीत भूत वाटत होतं?"

मास्तर कट्ट्यावर बसले.

"तुला माहीत होतं?"

"अहो, सगळ्या गावाला माहीत आहे. तुमच्या हाताखालून गेलेल्या प्रत्येकाला पाय आहेत. तुम्हाला वाईट वाटू नये म्हणून कुणी बोलत नाही." तिकडे एक खिडकी उघडल्याचा आवाज आला. "आज गाडी बंद पडली ना, तेव्हा मी वाट बघितली. सवयीने. आता जाईल पेडल खाली, आता जाईल. ते गेलंच नाही. म्हटलं, बरं. म्हणजे आता मी."

"घाबरलीस?"

"घसा कोरडा पडला. हँडब्रेक ओढला आणि आधी पाणी प्यायले."

मास्तरांना हँडब्रेक ओढल्यानंतरचं ते युगाएवढं मोठं वाटलेलं मध्यंतर आठवलं. इकडे आपला जीव टांगणीला, आणि तिकडे ही बाटलीचं बूच लावत होती!

"मागे वळून नाही बघितलंत," बाई म्हणाल्या. "मला पाठ दिसत होती तुमची."

आरशाचं सांगावं की नाही, हे मास्तरांना ठरवता येईना. बाईंनीच सुटका केली. "आणि अंगठा दाबून काय धरलं होतंत? तो आरसा का? लावताना बघितलं होतं मी. थांबा तिथेच, येते."

बाई परत येईपर्यंत मास्तरांनी रस्त्यावरून जाणाऱ्या प्रत्येक गाडीची चूक काढली. मग कोपऱ्यावर ती जुनी गाडी दिसली. बाईंनी ती कट्ट्याला लागून, एवढीशी जागा सोडून उभी केली. मास्तर सवयीप्रमाणे पुढच्या दाराकडे, म्हणजे आपल्या जागेकडे निघाले.

"मागे," बाई म्हणाल्या.

"मागे?"

"मागची सीट. पेडल नसलेली."

मास्तरांनी लेकीकडे बघितलं. लेक चपळाईने मागचं दार उघडून उभी होती. स्वतःच्याच गाडीत मागे बसायची त्यांच्यावर ही पहिलीच वेळ होती. गुडघे कुठे ठेवायचे, हेही त्यांना समजेना. स्टिअरिंग व्हील मांडीवर घेऊन ते अंग चोरून बसले. शेजारी लेक बसली. कॅमेऱ्याला जागा हवी म्हणून ट्रायपॉड पुढे, मास्तरांच्या सीटवर गेली आणि आपले लांबलचक पाय आत घालून चाचपडू लागली.

घराकडे जाणारा रस्ता बाजाराच्या मागून वर चढतो. चढाच्या मध्यावर समोर ट्रक आडवा उभा होता. बाईंनी गाडी थांबवली. मास्तरांनी डोळे मिटून घेतले.

"काकू, हे खाली काय आहे हो?" ट्रायपॉडने विचारलं. "दोन पेडल आहेत इकडे पण. दाबू?"

"पाय वर!" नवरा-बायको एकाच सुरात ओरडले.

ट्रायपॉडने दचकून दोन्ही पाय सीटवर ओढून घेतले. ट्रक बाजूला झाला. बाईंनी गाडी उचलली, आणि ट्रायपॉड घर येईपर्यंत तशीच मांडी घालून बसून राहिली.